एस्केप रूम गेममध्ये सगळं क्लिक करून झालं तरी पुढे सरकत नाही: आधी काय तपासायचं?

खोलीतला प्रत्येक कोपरा क्लिक करून झालेला असतो. इन्व्हेंटरीत, म्हणजे गोळा केलेल्या वस्तूंच्या पट्टीत, एक स्क्रूड्रायव्हर आणि फाटक्या कागदाचा अर्धा तुकडा पडलेला असतो. कपाटावर चार आकड्यांचं कुलूप दिसतंय आणि बराच वेळ नवीन काहीच घडलेलं नाही. ब्राउझरमधले एस्केप गेम, म्हणजे बंद खोलीतून कोडी सोडवत बाहेर पडायचे खेळ, खेळणाऱ्या प्रत्येकाला ही जागा ओळखीची आहे. इथे आल्यावर बहुतेक जण तेच सगळं पुन्हा क्लिक करत सुटतात, नाहीतर सरळ यूट्यूबवर वॉकथ्रू, म्हणजे पायरीपायरीने उत्तरं सांगणारं मार्गदर्शन, उघडतात.

या दोन्हींच्या आधी एक पायरी आहे आणि ती जवळजवळ नेहमी राहून जाते: आपण नेमके कशात अडकलोय ते ठरवणं. एखादी वस्तू दिसलेलीच नाही? वस्तू मिळाली आहे, पण ती कुठे लागते ते कळत नाही? उत्तर हातात आहे, पण गेम ते घेत नाही? की गेमच बिघडला आहे? ही चार वेगळी दुखणी आहेत आणि एकाचं औषध दुसऱ्याला चालत नाही. न दिसलेली किल्ली विचार करून सापडत नाही, आणि न सुटलेलं कोडं क्लिक करून सुटत नाही. तासन्‌तास वाया जातात ते याच गल्लतीत.

कागद घ्या आणि कुलपांपासून सुरुवात करा

कागदावर मधोमध एक उभी रेघ मारा. डावीकडे खोलीतली सगळी ‘कुलपं’ लिहा. कुलूप म्हणजे फक्त कडी-कुलूप नव्हे. जे जे काही आपल्याकडून मागतंय ते सगळं. आकड्यांचा कीपॅड, किल्लीचं भोक, भिंतीतली रिकामी खाच, स्क्रूने बसवलेली पट्टी, हात पोचत नाही असा माळा, काहीच दिसत नाही असा अंधारा कोपरा, पाणी नसलेली फुलदाणी. उजवीकडे हाती लागलेलं सगळं लिहा: वस्तू, आकडे, चित्रं, विचित्र वाटलेली नक्षी, घड्याळातली वेळ.

आता प्रत्येक कुलपापुढे त्याला कशा आकाराचं उत्तर हवंय ते लिहा. किती जागा आहेत? आकडे हवेत, अक्षरं, रंग की दिशा? अडकलेला माणूस क्लूकडे टक लावून बसतो, पण माझ्या मते कुलूप जास्त बोलतं. चार बाणांची बटणं असतील तर उत्तर म्हणजे दिशांची माळ. मग खोलीत दिशा दाखवणारं काय आहे ते शोधायचं: चित्रातले पक्षी कुठे बघतायत, पुतळ्याचा हात कुणीकडे आहे, भिंतीवरच्या फ्रेम कोणत्या बाजूला कललेल्या आहेत. वरखाली सरकणाऱ्या पाच पट्ट्या असतील तर उंचीचा खेळ आहे. शेल्फवरची लहानमोठी पुस्तकं, अर्धवट जळालेल्या मेणबत्त्या, बाटल्यांमधल्या पाण्याची पातळी, अशा गोष्टी तिथे उगाच ठेवलेल्या नसतात.

यादी झाली की निदान आपोआप होतं. डावीकडे कुलूप आहे आणि त्याच्या आकाराचं काहीही उजवीकडे नाही, म्हणजे काहीतरी बघायचं राहिलंय. अशा वेळी क्लिक करत फिरणंच योग्य. उजवीकडे वस्तू आहे आणि ती जाईल असं एकही कुलूप नाही, म्हणजे कुलूपच लपलेलं आहे: चित्रामागे, पडद्याआड, गालिच्याखाली. दोन्हीकडे जुळणारा आकार आहे आणि तरी उघडत नाही, तर माउस सोडा. आता काम डोक्याचं आहे.

बघायचं राहिलंय

या प्रकाराला जुना इतिहास आहे. जपानच्या तोशिमित्सु ताकागी यांचा ‘क्रिमसन रूम’ २००४ साली आला आणि एका खोलीत कोंडलेल्या माणसाचा हा खेळ जगभर पसरला. त्याच्या आधीही असे गेम होते. यान आल्बार्टस यांचा ‘मिस्टरी ऑफ टाइम अँड स्पेस’ २००१ चा. पण लाल भिंतींची ती खोली अनेकांच्या लक्षात राहिली ती पलंगाजवळच्या अगदी चिमुकल्या क्लिक-जागांमुळे. दोन-चार पिक्सेल इकडे-तिकडे झालं की काहीच मिळत नाही. या त्रासाला खेळणाऱ्यांनी ‘पिक्सेल हंटिंग’ असं नावच देऊन टाकलं. नंतरच्या चांगल्या निर्मात्यांनी हे टाळलं, तरी जुने गेम खेळताना ही शक्यता डोक्यात ठेवावीच लागते.

शोधायचं ते दृश्यानुसार. खोलीत साधारण चार भिंती, म्हणजे चार दृश्यं. प्रत्येक दृश्यात झूम होणाऱ्या जागा किती ते मोजा आणि एकेक संपवा. झूम झालेल्या चित्रात पुन्हा झूम असू शकतो, आणि इथेच जास्त लोक चुकतात. टेबलाचा खण उघडला, आत काही नाही म्हणून मागे आलात. पण खणाच्या आतल्या डाव्या कडेवर क्लिक केलं असतं तर तो खालून दिसला असता. सोफ्याच्या दोन गाद्यांमधली फट, कपाट आणि भिंत यांच्यामधली जागा, टेबलाखालची बाजू, पलंगाखालचा अंधार, दार उघडल्यावर दाराची मागची बाजू, उशी उचलल्यावर खालची चादर. स्क्रीनच्या चारही कडांवर माउस फिरवून बघा. ‘मागे’ जाण्याचा बाण तळाशी असतो आणि त्याच्या शेजारीच कधीकधी ‘खाली बघा’ असा दुसरा बाण लपलेला असतो.

माउसचा बाण बदलून हात होतो का यावर पूर्ण भिस्त ठेवू नका. काही गेम, विशेषतः बरेच जपानी गेम, मुद्दाम तो बदलू देत नाहीत. जुन्या फ्लॅश गेममध्ये (फ्लॅश म्हणजे ब्राउझरमध्ये गेम चालवणारं जुनं सॉफ्टवेअर) टॅब की दाबली की बटणांभोवती पिवळी चौकट यायची. निर्मात्याने ती बंद केली नसेल तर आजही ती युक्ती चालू शकते. मात्र त्याने कोड्यातली मजा जाते, म्हणून अगदी शेवटी.

हातातल्या वस्तूही नीट बघितलेल्या नसतात. इन्व्हेंटरीतल्या वस्तूवर दोनदा क्लिक केलं, किंवा शेजारचं भिंगाचं चिन्ह दाबलं, की ती मोठी दिसते. मोठी दिसली की तिची मागची बाजू बघा, झाकण उघडतंय का बघा, आणि ती मोठी दिसत असतानाच दुसरी वस्तू तिच्यावर लावून बघा. रिमोट आणि सेल, कागद आणि पेन्सिल, काठी आणि चुंबक अशा जोड्या याच खिडकीत जुळतात, खोलीत नाही.

शिवाय, काही बदललं की आधी बघितलेल्या जागा पुन्हा बघाव्या लागतात. दिवा बंद केला तर भिंतीवर चमकणारे आकडे दिसू शकतात. घड्याळ चालू झालं तर पलीकडच्या भिंतीवरचं चित्र बदललेलं असू शकतं. नेदरलँड्सच्या रस्टी लेक मंडळींची ‘क्यूब एस्केप’ मालिका २०१५ पासून हेच करत आली आहे: तुम्ही इकडे एक गोष्ट करता आणि पाठीमागच्या भिंतीवर काहीतरी घडून गेलेलं असतं. त्यांचा गेम खेळताना प्रत्येक यशानंतर खोलीभर एक फेरी मारायची सवय लावून घ्या. ‘हे मी आधीच बघितलंय’ हे वाक्य या गेममध्ये फार महागात पडतं.

क्लू अर्धा असतो

आता खरा चर्चेचा भाग. वस्तू आहेत, कुलूप आहे, आकारही जुळतो, तरी उत्तर चुकतं. अशा वेळी दहापैकी बहुतेक वेळा तुमच्याकडे क्लूचा एकच भाग असतो. आकड्यांच्या कोड्यात दोन गोष्टी लागतात: कोणते आकडे, आणि कोणत्या क्रमाने. चांगला निर्माता हे दोन भाग खोलीत दोन ठिकाणी ठेवतो.

समजा भिंतीवरच्या चित्रात तीन लाल फुगे, एक निळा, पाच हिरवे आणि दोन पिवळे आहेत. कीपॅड चार आकड्यांचा आहे. डावीकडून उजवीकडे मोजून टाकलं, चुकलं. मोठ्यापासून लहान, चुकलं. आता फुग्यांकडे बघत राहण्यात अर्थ नाही. तेच चार रंग खोलीत आणखी कुठे, एका ओळीत आहेत का ते शोधा. शेल्फवरच्या पुस्तकांच्या पाठी निळी, पिवळी, लाल, हिरवी अशा असतील तर उत्तर १२३५. पुस्तकं नसतील तर कोटाची बटणं, उशांच्या कडा, कीपॅडच्या खालच्या चार बारीक ठिपक्यांचे रंग. कीपॅडच्या आसपासची सजावट नीट बघा. क्रमाचा क्लू अनेकदा कुलपाच्या अंगावरच असतो.

म्हणून प्रत्येक क्लूला एक प्रश्न विचारायचा: यात आकडा आहे की क्रम? नुसते आकार ओळीने मांडलेले दिसले (वर्तुळ, त्रिकोण, चौकोन, तारा) आणि त्यांच्यासोबत एकही आकडा नसेल, तर तो क्रम आहे आणि आकडे दुसरीकडे आहेत. एकाच चिन्हाच्या वेगवेगळ्या संख्या दिसल्या तर ते आकडे आहेत आणि क्रम दुसरीकडे आहे. हे एकदा अंगवळणी पडलं की अर्धेअधिक गेम मोकळे होतात.

क्लू खोलीत कुठेच नसेल तर तो खोलीबाहेरचा, म्हणजे सर्वांना माहीत असलेला क्रम असतो. इंद्रधनुष्याचे रंग शाळेतल्या ‘तानापिहिनिपाजा’ने झटकन आठवतात, फक्त पुष्कळ गेममध्ये पारवा गाळून सहाच रंग घेतलेले असतात. फाशाच्या समोरासमोरच्या बाजूंची बेरीज सात, त्यामुळे दिसणाऱ्या बाजूवरून न दिसणारी काढता येते. पियानो दिसला की काळ्या पट्ट्यांचे दोन आणि तीनचे गट बघा. दोनच्या गटाच्या लगेच डावीकडची पांढरी पट्टी म्हणजे सी. पेटी वाजवणाऱ्यांसाठी ती पांढरी एक. तिथून पुढे डी, ई, एफ, जी, मग ए, बी. जपानी गेममध्ये सूर्य, चंद्र, आग, पाणी, झाड, सोनं, माती अशी सात चिन्हं आली तर ते रविवार ते शनिवार आहेत. रवी, सोम, मंगळ, बुध, गुरू, शुक्र, शनी हाच तो क्रम, त्यामुळे आपल्याला तो लक्षात ठेवायला वेगळे कष्ट नाहीत.

घड्याळाबद्दल एक बारीक गोष्ट. साडेतीनला तासकाटा तीन आणि चारच्या मध्ये असतो. चित्रातल्या घड्याळात तो बरोबर तीनवर आणि मिनिटकाटा सहावर असेल, तर ती बहुधा वेळ नाहीच. ते दोन आकडे आहेत, किंवा दोन दिशा. आरशात दिसणारं घड्याळ असेल तर आधी उलटून घ्या. कॅल्क्युलेटरसारखे काड्यांचे आकडे असतील तर पूर्ण उलटे केल्यावर सहा आणि नऊ एकमेकांत बदलतात, दोन आणि पाच मात्र तसेच राहतात. आरशात धरल्यावर दोनचा पाच आणि पाचचा दोन होतो. हा फरक न पाळल्यामुळे बरोबर विचार करूनही चुकीचा कोड टाकला जातो.

हाताने सोडवायची कोडी

काही कोड्यांत क्लू नसतोच, फक्त पद्धत लागते.

सरकत्या चौकटींचं चित्र जवळजवळ पूर्ण झालंय आणि दोनच तुकडे एकमेकांच्या जागी आहेत, अशी स्थिती आली तर कितीही सरकवून फक्त ते दोन बदलता येत नाहीत. १८७९ सालीच गणितज्ञांनी हे सिद्ध केलं आहे. म्हणजे गेम बिघडला असं नाही. चित्रात दिसायला सारखे असे दोन तुकडे (कोऱ्या भिंतीचे, आकाशाचे) शोधा. ते आपापसात बदललेत. त्यांची जागा बदलली की बाकीचे दोनही जागेवर येऊ शकतात.

दिवे विझवण्याचं कोडं, एक दाबला की तो स्वतः आणि शेजारचे चार बदलतात ते, दिसतं तेवढं अवघड नाही. दाबण्याचा क्रम महत्त्वाचा नसतो आणि एकच दिवा दोनदा दाबणं म्हणजे न दाबणं. वरच्या ओळीत जिथे दिवा पेटलाय त्याच्या बरोबर खालचा दाबायचा. वरची ओळ विझली की पुढच्या ओळीला तेच. तीन बाय तीनमध्ये शेवटची ओळ विझली नाही, तर पुन्हा सुरू करून वरच्या ओळीत सुरुवातीला वेगळे दिवे दाबून बघा. वरच्या ओळीचे असे एकूण आठच पर्याय आहेत, काहीच न दाबण्याचा धरून, आणि त्यातला एक लागू पडतोच.

हनोईच्या कोड्यात तीन खांब असतात आणि लहानमोठ्या चकत्या एकेक करून, मोठी लहानीवर न ठेवता, दुसऱ्या खांबावर न्यायच्या असतात. चकत्या तीन असतील तर कमीत कमी ७ चाली, चार असतील तर १५, पाच असतील तर ३१. सर्वांत लहान चकती एक सोडून एका चालीला हलवायची आणि नेहमी एकाच दिशेने फिरवायची. चकत्या विषम असतील तर तिची पहिली चाल थेट शेवटच्या खांबावर, सम असतील तर मधल्या.

कोड अंदाजाने टाकावा का?

चार आकड्यांच्या कुलपात १०,००० शक्यता असतात, तिथे प्रश्नच नाही. पण कीपॅडवरची झिजलेली बटणं दिसत असतील तर हिशेब बदलतो. चार वेगळी बटणं झिजलेली असतील तर २४ शक्यता, तीन असतील तर ३६, दोनच असतील तर १४. तीनाला चारपेक्षा जास्त, कारण कोणता आकडा दोनदा येतो ते माहीत नसतं. तीन आकडे माहीत असून चौथा राहिला असेल तर फक्त १० वेळा टाकायचं. अशा वेळी अंदाजाने उघडणं मला गैर वाटत नाही, विशेषतः शेवटचा क्लू एखाद्या खराब पिक्सेलमागे अडकलेला असेल तर.

एक अडचण मात्र आहे. पुष्कळ गेममध्ये क्लू प्रत्यक्ष बघितल्याशिवाय बरोबर कोडही चालत नाही. निर्मात्याने तसा अडसर घातलेला असतो. त्यामुळे कोड नक्की बरोबर आहे असं वाटत असेल आणि दार हलत नसेल, तर ज्या कागदावर किंवा चित्रात तो कोड लपलाय ते एकदा झूम करून बघून या.

उत्तर बरोबर, तरी गेम घेत नाही

वॉकथ्रूमधला कोड तुमच्याकडे चालत नसेल तर पहिलं कारण हेच की काही गेम दर खेळाला नवीन कोड बनवतात. पद्धत उचला, आकडे नको.

तारखांचं बघा. ०४/०५ म्हणजे आपल्यासाठी ४ मे, अमेरिकी गेममध्ये ५ एप्रिल. जपानमध्ये आधी वर्ष, मग महिना, मग दिवस. गेमचा निर्माता कुठला आहे हे सुरुवातीच्या स्क्रीनवर असतं. तारखेचं कोडं आलं की ते उपयोगी पडतं.

२०२० च्या लॉकडाउनपासून गूगल फॉर्मवर बनवलेल्या एस्केप रूम शाळांमध्ये खूप वापरल्या जातात, आणि तिथला हा प्रश्न जवळजवळ रोजचा आहे. फॉर्म उत्तर अक्षर न्‌ अक्षर जुळवून बघतो. फोनचा कीबोर्ड पहिलं अक्षर आपोआप कॅपिटल करतो. अट लहान अक्षराची असेल तर उत्तर नाकारलं जातं. सुचवलेला शब्द निवडला की त्याच्यामागे एक स्पेस लागते. ती डोळ्यांना दिसत नाही, पण फॉर्मला दिसते. आणि आपल्याकडचा खास घोळ म्हणजे अंक. मराठी कीबोर्डवरून टाकलेला १२३५ आणि इंग्रजी कीबोर्डवरून टाकलेला तोच आकडा, माणसाला एकच वाटतात. संगणकासाठी ती पूर्ण वेगळी चिन्हं आहेत. विद्यार्थी बरोबर उत्तर टाकून रडकुंडीला येतो तो बऱ्याचदा यामुळे. कीबोर्ड बदला, शेवटची स्पेस पुसा, सगळं लहान अक्षरात टाका, मग पुन्हा पाठवा.

मराठीत असे फॉर्म बनवणाऱ्या शिक्षकांना एक विनंती: उत्तर म्हणून ज्यात ऱ्हस्व-दीर्घ किंवा अनुस्वाराची शंका येईल असा शब्द ठेवू नका. ‘ऱ्या’सारखं जोडाक्षर तर दोन वेगळ्या पद्धतींनी टाइप होतं आणि दोन्ही डोळ्यांना सारखीच दिसतात. ‘कमळ’ ठेवा, ‘दोऱ्या’ नको. आणि उत्तर कोणत्या अंकांत हवंय ते प्रश्नातच लिहा.

गेमच बिघडलाय

हे निदान सगळ्यांत शेवटी, पण ते खरं असतं तेव्हा बाकी काहीच चालत नाही.

जुन्या गेमच्या जागी करडा किंवा काळा चौकोन दिसतोय? अ‍ॅडोबीने ३१ डिसेंबर २०२० रोजी फ्लॅशचा आधार काढला आणि १२ जानेवारी २०२१ पासून फ्लॅश प्लेअरने मजकूर चालवणंच थांबवलं. आज हे गेम चालतात ते बहुधा रफल नावाच्या एम्युलेटरवर, म्हणजे फ्लॅशची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर. रफल २००० च्या दशकातल्या पहिल्या काही वर्षांचे गेम बरेच चांगले चालवतो, कारण त्यांची भाषा जुनी आणि सोपी होती. २००६ साली आलेल्या अ‍ॅक्शनस्क्रिप्ट ३ या फ्लॅशच्या नव्या भाषेत बनलेल्या गेममध्ये मात्र अजून त्रुटी निघतात: अक्षरं गायब, एखादं दार क्लिक घेत नाही, इन्व्हेंटरीतली वस्तू हातात येत नाही. वॉकथ्रूप्रमाणे अगदी बरोबर जागी क्लिक करूनही काही होत नसेल, तर तोच गेम फ्लॅशपॉइंट या संग्रहातून संगणकावर उतरवून खेळून बघा. पोलंडच्या माटेउश स्कुटनिक यांची ‘सबमशीन’ मालिका २००५ साली सुरू झाली. तिच्यासारख्या सुंदर गोष्टी अशा जतनकामामुळेच पुढच्या पिढीला मिळतायत.

क्लिक थोडं बाजूला लागतंय असं वाटलं तर ब्राउझरचा झूम बघा. कंट्रोल आणि शून्य एकत्र दाबलं की तो १०० टक्क्यांवर येतो. फोनवर खेळत असाल आणि गेम माउससाठी बनलेला असेल, तर ‘माउस वर नेल्यावर दिसणारं’ काहीही तुम्हाला दिसणार नाही, कारण बोटाला ती सोयच नाही. असे गेम लॅपटॉपवरच खेळा.

आवाजाचं कोडं आहे आणि आवाजच येत नाही? क्रोमसारखे ब्राउझर तुम्ही पानावर कुठेतरी क्लिक केल्याशिवाय आवाज सुरू होऊ देत नाहीत. एकदा क्लिक करून पान पुन्हा लोड करा, टॅब म्यूट नाही ना बघा, आयफोनवर सायलेंट मोड काढा. रंगांचं कोडं चुकत असेल तर रात्रीचा पिवळसर प्रकाश आणि डार्क मोडचं एक्स्टेन्शन बंद करा. दोन्हींमुळे निळा-हिरवा आणि पांढरा-पिवळा यांत गल्लत होते. लाल-हिरवा फरक ज्यांना कमी कळतो त्यांनी स्क्रीनशॉट घेऊन एखाद्या चित्राच्या अ‍ॅपमध्ये रंग तपासावा. निर्मात्यांनी रंगांसोबत आकारही द्यायला हवेत असं मला मनापासून वाटतं. पुष्कळ जण अजून देत नाहीत.

काल अर्ध्यावर ठेवलेला गेम आज पहिल्यापासून सुरू झाला, ही तक्रारही नेहमीची. प्रगती त्या ब्राउझरमध्ये, त्या साइटच्या नावावर साठवलेली असते. इन्कॉग्निटो खिडकी बंद केली की ती गेली. तोच गेम दुसऱ्या साइटवर उघडला तर तिथे ती नसतेच. थर्ड-पार्टी कुकी (उघडलेल्या पानाऐवजी दुसऱ्या साइटने ब्राउझरमध्ये ठेवलेली माहिती) बंद असतील तर दुसऱ्या पानात बसवलेल्या गेमला ती साठवताच येत नाही. आणि सफारी ब्राउझर, तुम्ही सात दिवस त्या साइटकडे फिरकला नाहीत तर अशी साठवण पुसून टाकतो. लांबलचक गेमसाठी साधी खिडकी, एकच ब्राउझर, आणि कागदावरची आपली यादी जपून ठेवा. यादी हाताशी असली की पुन्हा सुरुवात केली तरी त्याच जागी पोचायला फार वेळ लागत नाही.

वॉकथ्रू उघडायचाच असेल तर

उघडा, त्यात कमीपणा नाही. खऱ्या एस्केप रूममध्येही गेममास्टर हिंट देतोच, आणि त्या खऱ्या खोल्यांची सुरुवात मुळात या ब्राउझर-गेमवरूनच झाली. क्योटोत २००७ साली ताकाओ कातो यांच्या ‘स्क्रॅप’ने पहिला ‘रिअल एस्केप गेम’ घेतला. फक्त व्हिडिओ नको. व्हिडिओत एका उत्तरासोबत पुढची तीन उत्तरं दिसून जातात. लिखित वॉकथ्रू घ्या, स्वतः शेवटी केलेली गोष्ट त्यात शोधा, आणि पुढची एकच ओळ वाचा. ती ओळ ‘अमुक वस्तू घ्या’ अशी असेल तर तुमचं बघायचं राहिलं होतं. ‘अमुक कोड टाका’ अशी असेल तर तो कोड कुठून आला एवढंच बघा आणि बंद करा.

मित्राला विचारणार असाल तर ‘मी अडकलोय, मदत कर’ एवढंच सांगू नका. गेमचं नाव, इन्व्हेंटरीत काय आहे, कोणती कुलपं बाकी आहेत, कोणते क्लू वापरून झाले, आणि कोणत्या फोन-ब्राउझरवर खेळताय हे सांगा. हे पाच मुद्दे लिहितानाच पुष्कळदा राहिलेला क्लू समोर येतो.

आणि दार उघडलं तरी काही गेम संपत नाहीत. जपानच्या तेश्शी-ई यांच्या गेममध्ये सरळ बाहेर पडलात तर एक शेवट असतो, आणि खोलीत लपवलेलं ‘हॅपी कॉइन’ शोधून बाहेर पडलात तर दुसरा. शेवटच्या स्क्रीनवर काहीतरी राहिल्यासारखं वाटलं, तर उघड्या दारातून परत आत जाता येतं का ते बघा.